चौकाबारा उघडत नाही

म्हैसूर
१४ जुलै, सोमवार

अक्का,

वर साष्टांग नमस्कार लिहायचा की नाही यात अर्धा तास गेला, शेवटी जागा मोकळीच सोडली. सहा वर्षांपूर्वी जाताना तू म्हणाली होतीस की माझा आवाज पुन्हा ऐकायचा नाही. पत्राला आवाज नसतो, म्हणून लिहितो आहे. कामाचंच लिहितो.

चौकाबारा उघडत नाही.

फोनवरचा, कवड्यांचा खेळ. बोट लावलं की आधी तो अंबारीचा हत्ती येतो, सोंड हलवतो, आणि मग पांढऱ्या पडद्यावर एक चक्र गरगर फिरत बसतं. काल मी चाळीस मिनिटं त्याच्याकडे बघत बसलो होतो. चाळीस मिनिटांनी एक रडका चेहरा आला आणि खाली इंग्रजीत, अरेरे, काहीतरी बिघडलं. काय बिघडलं ते नाही. मेटगळ्ळीच्या कारखान्यात मी एकतीस वर्षं मशिनं दुरुस्त केली. एखाद्या फिटरने येऊन मला ‘सर, काहीतरी बिघडलंय’ एवढंच सांगितलं असतं, तर त्याला मी दिवसभर गेटाबाहेर उभा केला असता. इथे मात्र रडका चेहरा दाखवला की काम झालं. मला त्या चेहऱ्याची शिसारी आली आहे.

आता सरळ विचारतो. तू मला खेळातून काढून टाकलंस का?

शेवटचा पट पाहिला तेव्हा तुझी तिसरी सोंगटी माझ्यापुढे दोन घरांवर उघडी पडली होती. दोन पडले की ती मेली, आणि ती मेली की माझी वाट आतल्या घरात मोकळी. तुला हे दिसलं नसेल असं मी मानत नाही. लहानपणी तू हरायला लागलीस की तुला नेमकी तहान लागायची, आणि उठताना तुझा परकर नेमका पटावरून जायचा. आई म्हणायची, ‘पद्दू, पुन्हा मांड.’ सोंगट्या कुठे होत्या ते तुझ्याइतकं पक्कं कोणाला आठवायचं नाही. आता फोनवर परकर चालत नाही, म्हणून काही बटण दाबलं असशील तर तसं कळव. मी रागावणार नाही. म्हणजे रागावीन, पण कळव.

आमच्या वर्कशॉपमध्ये माझा एकच नियम होता. मशीन बंद पडलं की आधी पाना उचलायचा नाही. शेवटी हात कोणी लावला ते विचारायचं. सोमवारी बंद पडलेल्या दहा मशिनांतली आठ शनिवारी कोणीतरी ‘जरा नीट’ करून ठेवलेली असतात. म्हणून तुला विचारतो आहे. मी स्वतः तर दहा दिवस त्या खेळाला बोट लावलं नाही. आपला सोसल्याचा वादिराज गेला, तुला कळलंच असेल. दायाद पडतो, भाऊबंदच, मला दहा दिवस सुतक. तू लग्न होऊन दुसऱ्या गोत्रात गेलेली, तुला नाही. सुतकात कवड्या हातात धरायच्या नाहीत हा आईचा नियम, आणि फोनवरच्या कवड्याही कवड्याच. दहावा दिवस झाला, आंघोळ केली, जानवं बदललं, कॉफी घेतली आणि फोन उघडला तर हा हत्ती.

चाल करायला सात दिवसांची मुदत असते आणि ती चुकली की डाव जातो, हे मला माहीत आहे. त्याची व्यवस्था मी केली होती. तेव्हा त्या बाबतीत मला काही ऐकवू नकोस.

उत्तर पाठव. धारवाडच्या मोठ्या पोस्टात चौतीस वर्षं टपाल लावलेल्या बाईला पत्र कसं टाकायचं ते मी सांगायला नको.

पद्मनाभ


१९ जुलै, शनिवार

अक्का,

उत्तर नाही. ठीक आहे.

सहनाला बंगळूरला फोन केला. तीनच वर्षांपूर्वी हे खूळ दोघांच्या फोनवर घालून देणारी, म्हटलं तिलाच विचारू. तिचं बाळ दीड महिन्याचं, तिची आई श्रीविद्या तिकडेच मदतीला. मागे बाळ रडत होतं, कुकर वाजत होता, आणि माझी मुलगी मला म्हणाली, ‘अप्पा, आफ् माडि आन् माडि.’ बंद करा आणि चालू करा. इंजिनियर झाली आणि एवढंच शिकली. वर म्हणते, ‘धारवाडच्या अत्तेला एक फोन करा की. मी लावून देऊ का?’ मी म्हटलं, बाळ रडतंय, बघ, आणि ठेवून दिला.

बंद केला, चालू केला. हत्ती, चक्र, रडका चेहरा.

मग त्या खेळवाल्यांना लिहिलं. तिथे माणूस नसतो. एक गुलाबी पोपट असतो. तो म्हणतो, नमस्कार पद्मनाभ, आज आपल्याला कशी मदत करू? एकोणसत्तर वर्षांच्या माणसाला नावाने हाक मारतो. मी कन्नडमध्ये सविस्तर लिहिलं: काय दिसतं, किती वेळ दिसतं, फोन कुठला, कधीपासून. त्यावर पोपट म्हणाला, हे ऐकून मला फार वाईट वाटलं. पोपटाला. मग त्याने सात उपाय दिले आणि सातही झाल्यावर, आपण समाधानी आहात का म्हणून पाच चांदण्या पुढे केल्या. मी एक चांदणी दाबली. त्यावर त्याने मला धन्यवाद देऊन पत्त्यांच्या जुगाराची जाहिरात दाखवली. एक मनुष्य नोटांत आंघोळ करतो आहे आणि खाली लिहिलंय, घरबसल्या रमी. मी फोन उलटा करून ठेवला. रमीचं नाव काढलं की मला मळमळतं, तुला माहीत नाही.

शेवटी अग्रहाराजवळच्या दुकानात गेलो. दुकानदाराने गळ्याचा घाम पुसलेल्या रुमालानेच माझा फोन पुसायला घेतला. मी हात मध्ये घातला. तो म्हणाला, ‘कोडी सार्, द्या इकडे, दोन मिनिटांत बघतो.’ मी दिला नाही. त्याच्या नखांत काय होतं ते मी लिहीत नाही, तू जेवायला बसली असशील. नवीन फोन घ्या म्हणाला. सगळ्यांचा शेवटचा उपाय एकच, असलेलं टाका आणि नवीन घ्या. 

वॉट्सॲप मी गेल्या वर्षीच काढून टाकलं. सकाळी उठून चाळीस माणसांचे गुलाब आणि सुविचार बघायचे, तेही ज्यांनी आयुष्यात कोणाला सुविचाराने वागवलं नाही त्यांचे. पेपरही बंद केला. म्हणजे फोनवर माझ्या कामाचं एवढंच एक होतं.

हे जे लिहितो आहे ते नीट वाच, कारण मी दुसऱ्यांदा लिहिणार नाही. तुझी चाल साडेसहाला यायची. सहा पस्तीस झाले तर झाले, त्यापुढे नाही. फोन टुण्ण वाजला की मी कॉफीचं पाणी ठेवायचो. तीन वर्षं. चैत्रात तुझ्या हृदयात ती जाळी बसवली तेव्हा नऊ दिवस चाल आली नाही, आणि ते मला कोणी सांगितलं नव्हतं. मुदत टळून डाव गेला. दहाव्या दिवशी तू नवीन पट मांडलास आणि पहिल्याच फेकीत बारा टाकलेस. त्या दिवशी मी दोनदा कॉफी प्यालो. आपण सहा वर्षांत एक शब्द बोललो नाही, पण तू उठलीस हे मला रोज कळत होतं.

आता कळत नाही. बस, एवढंच.

पद्मनाभ

ता. क. एका गोळ्यांच्या डब्यावरून माणसाने सहा वर्षं धरून बसू नये, हे माझं मत आजही तसंच आहे.


२८ जुलै, सोमवार

अक्का,

दोन पत्रं गेली. तू परत पाठवली असतीस तरी चाललं असतं. ‘घेणार नाही’ असं तुझ्या अक्षरात लिहून आलं असतं तरी ते तुझं अक्षर असतं.

शेजारी विश्वेश म्हणून मुलगा आहे, आपल्यातलाच. घरी बसून कुठल्या तरी अमेरिकन कंपनीचं काम करतो. चाळिशीला आला, अजून अर्ध्या चड्डीत कचरा टाकायला येतो. काल त्याला बोलावलं. आल्याबरोबर सोफ्यावर पाय घेऊन बसला.

‘मामा, कॅशे क्लियर माडिद्रा?’

‘केलं.’

‘ॲप काढून परत टाकलं?’

‘टाकलं.’

‘मग फोन इकडे द्या, नोडोण, बघू या.’

‘बेडप्पा, नको. तू विचार, मी बघून सांगतो.’

त्याने सोफ्यावरचे पाय खाली घेतले. ‘मामा, असं कसं होतं? डाक्टराला पोट दाखवत नाही, फक्त सांगतो, असं झालं ना हे.’

मग त्याने आणखी सहा-सात प्रश्न विचारले. नेट आहे का, जागा आहे का, सेटिंगमध्ये हे आपोआपवर आहे का, ते आपोआपवर आहे का. मी सगळ्यांना हो म्हटलं. तो डोकं खाजवत उठला. ‘सगळं सरी, बरोबर असेल तर उघडायलाच पाहिजे मामा. यंत्र सुळ्ळु हेळोदिल्ल.’ यंत्र खोटं बोलत नाही. कचऱ्याची पिशवी आमच्या दारात विसरून गेला, तिच्यातून आज दुपारपर्यंत कांद्याचा वास येत होता. मला सगळ्यांचाच वीट आला आहे. त्या पोपटाचा, त्या रुमालाचा, या कांद्याचा.

बाजारात गौरीच्या बागिनाची, वाणाची सुपं विकायला आली आहेत. मी काल दोन सुपं उचलली, बघितली आणि परत ठेवली. सहा वर्षं तुला माहेरचं बागिन पाठवलं नाही. श्रीविद्या दर वर्षी विचारते, मी दर वर्षी म्हणतो, ती घेणार नाही. खरं म्हणजे तू घेशील का नाही हे मी एकदाही विचारलेलं नाही.

रात्री झोप येत नाही हे वगैरे मी लिहिणार नाही. एवढंच विचारतो. अक्का, तू आहेस ना? नसलीस तर हे पत्र कोण वाचतंय त्याने मला कळवावं. पत्ता मागे आहे. आणि असलीस, तर तुझी तिसरी सोंगटी मी मारणार नाही. दोन पडले तरी दुसरीच सोंगटी चालवीन. हे मी आजवर कोणासाठी केलेलं नाही.

पद्दू


म्हैसूर
१ सप्टेंबर, सोमवार

ती. अक्कास, साष्टांग नमस्कार.

तुझं कार्ड आज दुपारी आलं. लखोटा नाही, कार्ड. म्हणजे धारवाडपासून म्हैसूरपर्यंत सगळ्यांनी वाचलं. आमच्या पोस्टमनने देताना माझ्याकडे असं बघितलं की त्यानेही वाचलंच असणार. तू मुद्दाम केलंस. मी तुझ्या जागी असतो तर हेच केलं असतं. पुढे कधी वाचलंस तर सगळं एका ठिकाणी असावं म्हणून ते इथे उतरवतो:

‘पद्दू, दोन पत्रं पोचली. पहिल्यावर तू तारीख टाकलीस १४ जुलै, तिकिटावर शिक्का १२ ऑगस्ट. म्हैसूर-धारवाड टपालाला एक महिना मी असताना लागत नव्हता, आताही लागत नाही. वादिराज गेला ३१ जुलैला. तू त्याचं सुतक १४ जुलैला फेडून कॉफीही प्यालास. जिवंत माणसाचं सुतक धरणारा आपल्या घराण्यात तू पहिलाच. मी बरी आहे. फोनची तारीख नीट कर. मग आईची कर. अक्का.’

मी विसरलोच होतो की तू पत्र वाचायच्या आधी शिक्का वाचतेस.

तर ऐक. वादिराज गेल्याचा फोन आला त्या दिवशी मी फोनची तारीख मागे घेतली. मोजून चार आठवडे, म्हणजे वार तेच राहतात आणि माझा गोंधळ होत नाही. ही माझी ‘व्यवस्था’. मला वाटलं, फोनमध्ये दिवस उजाडलाच नाही तर मुदत संपणार कशी? कारखान्यात ऑडिटच्या आधी आम्ही मशिनांच्या तासांचा काटा असाच मागे घ्यायचो. सुतकही पाळलं जाईल आणि डावही राहील. आणि मग ती तारीख पुढे करायची मला भीती वाटत राहिली, कारण पुढे केली की सगळे दिवस एकदम अंगावर येतील. पत्रं लिहिताना फोन समोर असायचा, त्यावरची तारीख वर उतरवली. तुला फसवायचं मनातही नव्हतं. हात आपोआप गेला. हे जास्त वाईट आहे, मला कळतं.

विश्वेशने तारखेचंही विचारलं होतं. त्यालाही हो म्हटलं.

तुझं कार्ड वाचल्यावर तारीख नीट केली. पहिल्या झटक्यात हत्ती आला, सोंड हलवली आणि पट उघडला. त्या लोकांचं घड्याळ त्यांच्याकडेच चालत होतं. माझ्या फोनला कोणी विचारलंही नव्हतं. डाव सात ऑगस्टलाच गेला. अक्का विजयी, असं लिहिलं होतं. त्याच्या खाली दुसरा पट होता. आठ ऑगस्ट, सकाळी साडेसहा. नवा डाव, तुझी पहिली फेक चार, आणि खाली, पद्मनाभच्या चालीची वाट पाहत आहे. त्याचीही मुदत गेलेली. मग पंधराला तिसरा. बावीसला चौथा. एकोणतीसला पाचवा. तू दर वेळी पुन्हा मांडलास.

मी तो रडका चेहरा बघून तुझ्या नावाने बोटं मोडत होतो तेव्हा हे चालू होतं.

मशीन बंद पडलं की शेवटी हात कोणी लावला ते विचारायचं. पहिल्या पत्रात मी ते तुला शिकवलं.

आता आईचं. हे मी श्रीविद्यालाही सांगितलेलं नाही. श्रीविद्या त्या दिवशी नंजनगुडला लग्नाला गेली होती आणि आईजवळ मी थांबायचं ठरलं होतं. पाच वाजता मी आईला म्हटलं, तासाभरात येतो. क्लबात रमी चालू होती. मला पानं चांगली लागत होती, म्हणून तासाचे तीन तास झाले. आठला आलो तेव्हा ती गेलेली होती. हात थंड होता. तिने पाणी मागितलं असेल का, हाक मारली असेल का, मला माहीत नाही. कोणालाच माहीत नाही.

पुढचं लिहायला मला माझीच किळस येते, पण लिहितो. मी तिच्या शेजारी बसून पंचांग काढलं. आई तिथे, आणि मी दिव्यापाशी पंचांग बघतो आहे. दशमी रात्री अकरापर्यंत होती. पहाटे एकादशी. मी पाचपर्यंत तसाच बसलो आणि मग सगळ्यांना फोन केले: आई पहाटे गेली, एकादशीला, मी तोंडात तुळशीचं पाणी घातलं. डॉक्टरने मी सांगितलं ते लिहिलं. आचार्य म्हणाले, काय पुण्यवान बाई. लोक माझा हात धरून म्हणाले, पद्मनाभा, तू धन्य, शेवटच्या क्षणी जवळ होतास. आणि मी मान हलवली. तेरा दिवस हलवत होतो.

तू एकटीनेच गोळ्यांचा डबा उघडून बघितलास. संध्याकाळच्या खणात दोन गोळ्या तशाच होत्या. तेराव्या दिवशी, वैकुंठ समाराधनेच्या पंगतीआधी तू मला स्वयंपाकघरात विचारलंस, ‘पद्दू, आई कधी गेली?’ हळू विचारलं होतंस. मी मात्र बाहेर सगळ्यांना ऐकू जाईल असं बोललो, की वर्षातून एकदा तोंड दाखवणाऱ्याने गोळ्या मोजू नयेत. तू न जेवता गेलीस. तुला खोटं पाडायला मला तुझाच आवाज बंद करावा लागला, आणि मग सहा वर्षं मी सगळ्यांना सांगत आलो की अक्का एका डब्यावरून रुसली.

एकादशीला श्राद्ध होत नाही, म्हणून सहा वर्षं तिचं द्वादशीला केलं. तिची तिथी दशमी. म्हणजे सहा वर्षं तिच्या दिवशी मी पोटभर जेवून, पान खाऊन झोपलो आहे.

उद्या सकाळी सोसल्याला आचार्यांकडे जातो. त्यांना काय सांगायचं ते ठरवलेलं नाही, खरं ते सांगीन. ते म्हणतील ते प्रायश्चित्त घेईन. यंदा श्राद्ध दशमीला. तू यावंस असं लिहिण्याचा मला हक्क नाही. पान मात्र तुझं वाढून ठेवीन.

पाचव्या पटावर तुझी फेक चार आहे आणि मुदत शुक्रवारपर्यंत आहे. मी अजून कवड्या टाकलेल्या नाहीत. आधी हे पत्र पेटीत टाकतो, मग टाकीन.

वर तारीख लिहिली आहे. शिक्क्याशी ताडून बघ.

पद्दू